मियां सुलतानखान: डावांचीं टिपणें आणि मागाहूनच्या कथा

समकालीन कागद कोणता व मागाहून रचलेली बखर कोणती, हा भेद केल्यावांचून चरित्रलेखनास हात घालूं नये, हें या त्रैमासिकाच्या वाचकांस नव्यानें सांगावयास नको. बुद्धिबळपटूंच्या चरित्रांत मात्र या नियमाचा विसर फार पडतो. वास्तविक त्यांच्याइतकें निर्मळ साधन दुसऱ्या कोणाच्या वांट्यास आलेलें नाहीं. प्रत्येक डावाची खेळीनिहाय टांचणी त्याच वेळीं होते, ती उभय पक्षांस मान्य असते, आणि पराभूत पक्षहि ती नाकारूं शकत नाहीं. पेशवे दप्तरांतील किती कागदांविषयीं असें म्हणतां येईल?

या दृष्टीनें पंजाबांतील मियां सुलतानखान यांचें चरित्र तपासून पाहण्याजोगें आहे. युरोपीय ग्रंथांत त्यांचा उल्लेख ‘मीर सुलतानखान’ असा येतो. ‘सुलतान’ ही पदवी नसून तें त्यांचें पाळण्यांतलें नांव होय. त्यांचा जन्म हल्लींच्या पाकिस्तानांतील खुशाब जिल्ह्यांत मिठा टिवाणा या गांवीं झाला; जन्मवर्ष बहुधा 1903, कित्येक 1905 धरितात. वडील मियां निजामुद्दीन यांनीं वयाच्या नवव्या वर्षीं त्यांस देशी पद्धतीचें बुद्धिबळ शिकविलें. देशी डावांत प्याद्यास आरंभीं दोन घरें चालण्याची मुभा नाहीं, विलायती तऱ्हेचा किल्लेकोट नाहीं, व राजास शह लागण्यापूर्वीं एकवार घोड्याची उडी घेतां येते. त्यामुळें हा डाव सावकाश जुळतो, मोहरीं उशिरां भिडतात, व मोड मांडण्याचें कसब डावाच्या अखेरीस लागतें. ही गोष्ट पुढें उपयोगी पडेल.

शाहपूर जिल्ह्यांतील कालऱ्याचे जमीनदार सर मलिक उमर हयातखान टिवाणा यांनीं सुलतानखानांस आश्रय दिला. 1926 च्या सुमारास त्यांनीं विलायती नियम आत्मसात केले, 1928 सालीं दिल्लीची अखिल भारतीय स्पर्धा एकहि डाव न हरतां जिंकली, व 1929 च्या वसंतांत ते आश्रयदात्याबरोबर लंडनास गेले. तेथें सरावासाठीं भरविलेल्या लहानशा स्पर्धेंत ते तळाशीं राहिले. त्यानंतर विंटर व येट्स या दोघां नामांकित इंग्रज खेळाडूंनीं त्यांचा सराव घेतला, आणि त्याच उन्हाळ्यांत रॅम्सगेट येथें सुलतानखान ब्रिटिश अजिंक्यपद मिळवून बसले. 1932 व 1933 सालीं तें पद त्यांनीं पुन्हां जिंकलें. 1930 चें हँबुर्ग, 1931 चें प्राग व 1933 चें फोकस्टन येथील ऑलिंपियाडांत ते ब्रिटिश संघाच्या पहिल्या पटावर बसले. प्रागला त्यांनीं आठ डाव जिंकले, सात बरोबरींत सोडविले व दोनच गमावले. 1931 सालींच टार्टाकोवरसारख्या मुरब्बी खेळाडूचा त्यांनीं सामन्यांत साडेसहा विरुद्ध साडेपांच गुणांनीं पराभव केला.

परंतु ज्या एका डावावर त्यांची कीर्ति उभी आहे तो 1930-31 च्या हेस्टिंग्ज स्पर्धेंतला. प्रतिपक्षी होते कापाब्लांका, 1921 ते 1927 पर्यंतचे जगज्जेते. सुलतानखानांकडे पांढरीं मोहरीं होतीं. पांचव्या खेळींत त्यांनीं वजिराकडील हत्तीचें प्यादें एकच घर पुढें सारलें. त्या काळीं ही खेळी कोणास मोठीशी वाटली नसेल. पुढें कित्येक वर्षांनीं जगज्जेत्या पेत्रोस्यान यांच्या नांवानें तीच पद्धत शास्त्रमान्य झाली. देशी पटावर वाढलेल्या हाताला एक घर चालणारें प्यादें परकें वाटलें नसावें, असा आमचा तर्क आहे. तो तर्कच समजावा. पुढें वजीर देऊन दोन हत्ती घेण्याचा प्रसंग आला. मग चिवटपणें एकेक घर पुढें सरकत, 65 व्या खेळीस पांढऱ्याचा जय झाला. स्पर्धेंत ऑयवे पहिले, कापाब्लांका दुसरे व सुलतानखान तिसरे आले.

आतां मागाहूनच्या कथांकडे वळूं. 1933 मध्यें फोकस्टननंतर उमर हयातखान यांनीं अमेरिकन संघास मेजवानी दिली, आणि तींत खुद्द सुलतानखान पाहुण्यांस वाढीत होते, ही हकीकत त्या संघांतील रूबेन फाइन यांनीं पुढें ग्रंथांत लिहिली. इतका मोठा खेळाडू आणि वाढप्याचें काम, हें पाहून आपण ओशाळलों असा त्यांचा सूर आहे. ही कथा इतकी लोकप्रिय झाली कीं तिनें डावांनाहि मागें सारलें. तथापि याच हकीकतींत यजमानास ‘महाराजा’ म्हटलें आहे, आणि उमर हयातखान महाराजे नव्हते, मोठे जमीनदार व सरकारी मानकरी होते. ज्या साक्षीदाराची यजमानाच्या पदवीविषयींच गफलत होते, त्याचा आश्रिताच्या दर्जाविषयींचा निर्णय तसाच्या तसा कां घ्यावा? वाढलें असेल, नाहीं असें आम्ही म्हणत नाहीं. पण आमच्याकडेहि यजमानाच्या घरचा मुलगा पंक्तींत वाढतो, त्यास कोणी वाढपी म्हणत नाहीं. इंग्रजी लेखकांजवळ एकच ‘नोकर’ हा शब्द होता. आमच्या कागदांत मात्र हुजऱ्या, खिजमतगार, शागीर्द, कारकून, आश्रित हे सारे निरनिराळे आहेत, आणि त्यांच्यांतील अंतर पगाराहून मानाचें अधिक आहे.

दुसरा आरोप निरक्षरतेचा. 1984 च्या ऑक्सफर्डच्या बुद्धिबळकोशानें त्यांस लिहितां वाचतां येत नव्हतें असें छापलें. 2020 सालीं डॅनियल किंग यांनीं विस्तृत चरित्र लिहिलें. त्याच्या नांवांतच ‘नोकर’ हा शब्द आहे. त्यावर त्यांच्या नातीनें जाहीरपणें हरकत घेतली, व आजोबा साक्षर होते असें सांगितलें. घरच्या माणसाची साक्ष पक्षपाती असूं शकते, हें आम्ही विसरत नाहीं. पण परक्याची तशी नसते असें कोठें ठरलें आहे? आमच्या मतें घरच्यांची बाजू बळकट आहे. एक गोष्ट मात्र कोणत्याहि बाजूनें झांकतां येत नाहीं: 1933 अखेर आश्रयदाते स्वदेशीं परतले तेव्हां, कीर्तीच्या ऐन भरांत, सुलतानखानांसहि परतावें लागलें. त्याच घरच्या आश्रयास असलेल्या फातिमाबाई त्याच वर्षीं ब्रिटनचें स्त्रियांचें अजिंक्यपद जिंकून चुकल्या होत्या. त्यांचा खेळहि तेथेंच थांबला.

1935 सालीं सुलतानखानांचा वि. कृ. खाडिलकर यांच्याशीं दहा डावांचा सामना झाला. नऊ डाव सुलतानखानांनीं जिंकले, एक बरोबरींत राहिला. त्यानंतर ते स्पर्धांपासून दूर राहून शेतीवाडी पाहूं लागले. मुलांस त्यांनीं हा खेळ शिकविला नाहीं. याहून उपयोगाचें कांहीं करा, असें ते म्हणत, अशी त्यांच्या मुलाची आठवण आहे. 1950 सालीं जागतिक संघटनेनें प्रथम 27 जणांस ग्रँडमास्टर ही पदवी दिली, तेव्हां यादींत त्यांचें नांव नव्हतें. 25 एप्रिल 1966 रोजीं सरगोध्यास त्यांचा अंत झाला, आणि 2024 च्या फेब्रुवारींत त्याच संघटनेनें त्यांस सन्माननीय ग्रँडमास्टर ठरविलें.

खाडिलकरांशीं झालेल्या सामन्याचा महाराष्ट्राशीं निकटचा संबंध आहे. त्या काळच्या मराठी वृत्तपत्रांचीं कात्रणें, डावांचीं हस्तलिखित टिपणें अथवा पत्रव्यवहार ज्यांच्या रुमालांत असेल, त्यांनीं नकला करून मंडळाकडे पाठवाव्या. मूळ कागद आम्ही मागत नाहीं.