न्यायालयीन अवमान व मुदतमर्यादा

न्यायालयाचा हुकूम किंवा न्यायालयास दिलेली हमी बुद्धिपुरस्सर न पाळणे, यास दिवाणी अवमान म्हणतात. शासनही त्यास अपवाद नाही. बिहार राज्याविरुद्ध राणी सोनाबती कुमारी (१९६१) या खटल्यात, मनाईहुकूम मोडल्याबद्दल राज्यही जबाबदार ठरते, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने दिला.

अशी कारवाई किती काळात व्हावी, याविषयी १९२६ व १९५२ च्या अधिनियमांत तरतूद नव्हती. १९६१ मध्ये नेमलेल्या सान्याल समितीने १९६३ मध्ये अहवाल दिला. त्यावर आधारित विधेयकात संसदेच्या संयुक्त समितीने मुदतीचे कलम घातले. अवमानाची दखल तत्काळ घेतली जावी, हा त्यामागील हेतू. १९७१ च्या अधिनियमाच्या कलम २० नुसार अवमान घडल्यापासून एक वर्षानंतर न्यायालयास कारवाई सुरू करता येत नाही.

‘सुरू करणे’ या शब्दांवरून वाद उद्‌भवला. न्यायालयाने स्वतः वर्षाच्या आत नोटीस काढली पाहिजे, असा अर्थ २००० साली लावला गेला. त्यामुळे वेळेत केलेला अर्जही न्यायालयीन विलंबाने निष्फळ ठरण्याची भीती होती. मुंबईच्या विशेष न्यायालयातून उद्‌भवलेल्या पल्लव शेठ प्रकरणात (२००१) तो अर्थ अमान्य झाला. अर्ज वर्षाच्या आत दाखल होणे पुरेसे असून, अवमान कपटाने लपविला असल्यास मुदत तो उघड झाल्यापासून मोजावी, असे ठरले.

चालू राहणाऱ्या अपकृत्यास मुदतीची बाधा येत नाही. जागेचा ताबा न देणे हे असे अपकृत्य होय, असे १९८९ मध्ये ठरले. मात्र कृत्य पूर्ण होऊन केवळ त्याचे परिणाम टिकून राहणे वेगळे, हा भेद २०२४ च्या निर्णयाने स्पष्ट केला.

शासकीय खात्याविरुद्ध हुकूम मिळविणाऱ्या नागरिकाच्या दृष्टीने हा भेद महत्त्वाचा आहे. अपील प्रलंबित असल्याचे कारण खाते पुढे करते. परंतु स्थगिती नसल्यास केवळ अपिलामुळे हुकूम थांबत नाही. पत्रव्यवहारात वर्ष उलटले, तर हुकूम कायम राहूनही अवमानाचा मार्ग बंद होऊ शकतो. दिवाणी हुकूमनाम्याच्या बजावणीस सर्वसाधारणपणे १२ वर्षांची मुदत असते. हुकुमात पालनाचा दिवस नमूद असल्यास, वर्षाची गणना कोठून करावयाची हे निश्चित होते.