परमिट आहे का?

साल 1954, डिसेंबरातली शनिवारची रात्र. धोबीतलावला तुम्ही ट्राममधून उतरता. खिशात पगार आहे, घशाला कोरड आहे आणि 6 एप्रिल 1950 पासून सबंध मुंबई राज्यात दारूबंदी आहे. मुख्यमंत्री मोरारजी देसाई. त्यांच्याकडून सूट मिळण्याची आशा सोडा.

पहिला प्रयत्न सरळ मार्गाने करा. एखाद्या बड्या हॉटेलात शिरा. दारू तिथे आहे, पण परवानेवाल्यांसाठी. दारातला माणूस तुमच्या चपलांकडे बघतो आणि विचारतो, "परमिट?" परदेशी पाहुण्याला ते मिळतं. प्रकृतीसाठी दारू लागते असा डॉक्टरी दाखला जोडू शकणाऱ्यालाही मिळतं. लष्कराच्या मेसला तर वेगळी सवलतच आहे. तुम्ही धडधाकट, देशी आणि बिनलष्करी. तेव्हा बाहेर या.

मग आंटीचा अड्डा. गल्लीच्या तोंडाशी उभं असलेलं पोरगं तुम्हाला आपादमस्तक न्याहाळतं आणि मान हलवतं. आत साधं घर आहे: भिंतीवर क्रॉस, बाकडं, बशीत उकडलेली अंडी. पेल्यात नवटाक येते. गूळ आणि नवसागर घालून आंबवलेली ही हातभट्टी खाडीकाठच्या झाडीत गाळली जाते आणि मोटारीच्या टायरच्या ट्यूबमध्ये भरून शहरात येते. वासाने डोळ्यांत पाणी येतं. तुम्ही नाक दाबून पेला रिकामा करता. आतल्या खोलीतून हवालदाराचा हप्ता मागणारा आवाज येतो, तो तुम्ही ऐकलाच नाही असं समजा.

परतताना नेमका दुसरा हवालदार गाठतो. "तोंड उघड." आता घाबरू नका, कायदा थोडासा तुमच्या बाजूने झुकला आहे. बलसारा नावाच्या मुंबईकर पारशी गृहस्थाने व्हिस्कीपासून यूडी कलोनपर्यंत सगळं बाळगण्या-वापरण्याचा हक्क कोर्टात मागितला होता. 1951 मध्ये सुप्रीम कोर्टाने दारूबंदी उचलून धरली, पण मद्यार्क असलेली औषधं आणि प्रसाधनं तिच्या कचाट्यातून सोडवली. त्यामुळे तोंडाला येणारा वास व्हिस्कीचा की टॉनिकचा, हा प्रश्न उभा राहिला. जीपच्या अपघातात सापडलेल्या एका सरकारी अधिकाऱ्याने मी टॉनिक घेतलं होतं असं सांगितलं आणि याच वर्षी सुप्रीम कोर्टाने त्याला सोडलं. बंदी असलेलीच दारू प्यायला होता हे सिद्ध करणं सरकारचं काम आहे. म्हणून हवालदाराला नम्रपणे सांगा, "साहेब, खोकल्याचं औषध घेतलंय." ही पळवाट फार दिवस टिकणार नाही. 1959 साली दुरुस्ती होईल आणि रक्तात 0.05 टक्के मद्यार्क सापडला की खुलासा करण्याची पाळी तुमच्यावर येईल.

एव्हाना एक गोष्ट तुमच्या लक्षात आली असेल. या शहरात दारू थांबलेली नाही, फक्त तिची वाटणी झाली आहे. कागदवाल्याला बाटलीबंद, बिनकागदवाल्याला ट्यूबमधली. पकडला जातो तो दुसरा.

आता पुढे चला. 1 मे 1960 ला राज्य दुभंगतं आणि दारूबंदीचा तोच 1949 चा कायदा दोन्हीकडे वाटून जातो. गुजरात बंदी चालू ठेवतो. महाराष्ट्र कायदा ठेवतो आणि परवाने सैल करतो. वर्धा, गडचिरोली या जिल्ह्यांत मात्र पुढे पूर्ण बंदी येते. चंद्रपुरात ती 2015 मध्ये येते आणि 2021 मध्ये उठते. इतरत्र गावातल्या बायका मतदान करून दुकान बंद पाडू शकतात; मतपत्रिकेवर उभी बाटली म्हणजे दुकान राहू द्या, आडवी म्हणजे बंद करा.

शेवटचा थांबा आजचा. त्याच रस्त्यावर "बिअर बार अँड परमिट रूम" अशी पाटी झळकते आहे. आत या, बसा. दारात कोणी अडवत नाही, वेटर विचारतो तो बर्फाबद्दल. पण 1949 चा कायदा अजून जागेवर आहे आणि पिण्यासाठी परवाना अजूनही लागतो. एका दिवसाचा देशीसाठी दोन रुपयांना, विदेशीसाठी पाच रुपयांना मिळत आला आहे. तो तुम्ही काढलेला नाही, शेजारच्या टेबलावरच्यांनीही नाही. कायद्याच्या लेखी ही अख्खी खोली आंटीच्या अड्ड्याइतकीच गुन्हेगार आहे. फरक इतकाच की इथे बिलावर कर लागतो.