फेसाचा पाव

गहू आणि दारू ही सख्खी भावंडं आहेत, असं आमच्या गोंदियात सांगितलं तर कुणी विश्वास ठेवणार नाही. कारण मुळात गव्हालाच आमच्याकडे फारसं कुणी सख्खं मानत नाही. १९९९ साली भंडाऱ्यातून वेगळा निघालेला आमचा जिल्हा धानाचा. पाहुणा आला की भात, पाहुणा गेला की उरलेला भात. आणि पावाला तर आम्ही पाव म्हणतच नाही, डबलरोटी म्हणतो. एका अंगाला मध्य प्रदेश, दुसऱ्या अंगाला छत्तीसगड. आमच्या मराठीत हिंदी किती आणि मराठी किती याची वाटणी अजून कुठल्या आयोगाला जमलेली नाही. ही डबलरोटी माझ्या लहानपणी खाण्याच्या यादीत नव्हतीच, ती औषधांच्या यादीत होती. ताप आला की दुधात बुडवून मिळायची. तापाचा कंटाळा येई, पण डबलरोटी संपली म्हणून वाईटही वाटे.

अशा घरात माझ्यावर पाव भाजायची पाळी आली ती आत्यामुळे. आत्याचं वय अठ्ठ्याऐंशी, दात शून्य आणि मतं बत्तीस. पोळी चावत नाही, साखरेमुळे भात मोजून, आणि डॉक्टरांनी मैद्याला साफ बंदी केलेली. बाजारात ‘ब्राउन’ म्हणून मिळणारा पाव पुष्कळदा रंगाने गव्हाचा आणि मनाने मैद्याचाच असतो. तेव्हा कणकेचा पाव घरीच करा, असा सल्ला मिळाला. सल्ला देणाऱ्याने कणकेचा पाव कधी केलेला नसावा. कारण कणकेचा पाव ही वस्तू जन्मतःच विटेच्या कुळातली असते.

याचं कारण कोंडा. पिठात पाणी पडलं की गव्हातल्या प्रथिनांची एक चिवट जाळी तयार होते, खमिरातून निघणारा वायू त्या जाळीत अडकतो आणि पाव फुगतो. मैद्यात ही जाळी निवांत बसते. कणकेतला कोंडा मात्र बारीक सुरीसारखा तिला ठिकठिकाणी कापत जातो, आणि वर पाणीही स्वतःच पिऊन टाकतो. म्हणजे लग्नघरातल्या एखाद्या काकांसारखं, कामाला हात नाही आणि सरबताला पहिला नंबर. पुन्हा आपल्या चक्कीची कणीक पोळीसाठी बारीक दळलेली, तिची तहान आणखी मोठी. (जाता जाता सांगतो, ज्या गव्हाला आपण ‘लोकवन’ म्हणतो त्याचा कुठल्याही वनाशी संबंध नाही. गुजरातेतल्या सणोसऱ्याच्या लोकभारती संस्थेने काढलेलं हे वाण, नाव ‘लोक-१’. त्या इंग्रजी ‘वन’चं आपल्या वाण्यांनी लोकवन करून टाकलं.)

आत्या दुधात बुडवूनही विरघळणार नाही अशा विटेकडे बघून काय म्हणेल याच्या काळजीत असताना पुण्याच्या भाच्याने फोनवर उपाय सांगितला, “मामा, पाण्याऐवजी बीअर घाल.”

आता विदर्भात हा सल्ला देताना माणसाने भूगोल बघावा. वर्धा गांधीजींचा म्हणून कोरडा, गडचिरोली १९९३ पासून कोरडा. सुदैवाने गोंदिया ओला आहे. त्यामुळे प्रश्न कायद्याचा नव्हता, प्रश्न आत्याचा होता. मी तिच्यापुढे एकदम बाटली ठेवण्याऐवजी आधी इतिहास ठेवायचं ठरवलं. म्हाताऱ्या माणसांना जुन्या गोष्टी पटतात, असा माझा समज. शिवाय बाटलीपेक्षा इतिहास स्वस्त पडतो.

आणि इतिहास निघाला चांगलाच फेसाळ. इजिप्तमध्ये पिरॅमिड बांधणाऱ्या मजुरांना मजुरी मिळे ती पाव आणि बीअर अशी जोडीने. दोन्हींचा जन्म एकाच धान्यातून आणि एकाच खमिरातून. इसवी सनाच्या पहिल्या शतकात प्लिनी नावाचा एक रोमन गृहस्थ होऊन गेला. दिसेल त्याची नोंद करायची त्याला खोड, आणि शेवटी ७९ साली व्हेसुव्हियस ज्वालामुखी भडकला तेव्हा त्याच्या जवळ गेला आणि त्यातच गेला. त्याने लिहून ठेवलंय की गॉल आणि स्पेनकडचे लोक धान्य भिजवून पेय करतात, त्याच्यावर येणारा फेस पिठात घालतात, आणि म्हणून त्यांचा पाव इतरांपेक्षा हलका होतो. म्हणजे भाच्याची युक्ती जवळजवळ दोन हजार वर्षांची जुनी निघाली. तो मात्र ती स्वतःची म्हणून सांगत होता.

पॅरिसमध्ये तर या फेसावरून सतराव्या शतकात दंगाच झाला. तिथल्या भटारखान्यांत बीअरचा फेस घालून एक मऊ, हलका पाव निघे, राणीच्या नावाने ओळखला जाई. वैद्यांना संशय आला. जे इतकं चांगलं लागतं ते तब्येतीला वाईटच असणार, हा वैद्यकशास्त्राचा सिद्धान्त तेव्हाही होता. १६६८ साली तिथल्या वैद्यकशाळेने फेस अपायकारक ठरवला. १६७० साली न्यायालयाने फेस ताजा आणि पॅरिसमधलाच असावा अशा अटीवर परवानगी दिली. मधली दोन वर्षं लोक काय खात होते? तोच पाव.

“परदेशातलं सांगू नकोस,” आत्या म्हणाली. “आपल्याकडे असलं काही नव्हतं.”

मग मी कौटिल्य काढला. अर्थशास्त्रात दारूवर देखरेख करणारा सुराध्यक्ष नावाचा अधिकारी आहे, आणि सुरेला आंबवण्यासाठी लागणाऱ्या किण्वाची कृतीही आहे. आपला ‘किण्वन’ हा शास्त्रीय शब्द त्यातलाच. कृतीत काय? वाटलेले उडीद, त्याच्या भरीला तांदूळ आणि मोरटा नावाची वनस्पती. उडीद आणि तांदूळ! म्हणजे मोरटा सोडला तर इडलीचंच पीठ. दर रविवारी आमच्या स्वयंपाकघरात जे भांडं फुगून झाकण उचलतं, त्याच्यावर खरं म्हणजे सुराध्यक्षाची सही हवी. आत्याने इडली सोडण्याची धमकी दिली, पण रविवार यायला चार दिवस होते.

आपल्या मुलखात पाव आणला तो पोर्तुगीजांनी. १५१० साली ते गोव्यात बसले. पाव हा शब्दही त्यांचाच. गहू मिळाला, भट्टी उभी राहिली, पण खमीर कुठून आणायचं? उत्तर माडावर लटकत होतं. रेंदेर सकाळी माडावर चढून सूर काढतो, ती झाडावरच आंबायला लागलेली असते. तीच पिठात घातली. गोव्याचा पाव पिढ्यान् पिढ्या या सुरेवर फुगला. यीस्ट सरसकट आलं ते पुष्कळ नंतर. तिथले पोदेर कोंड्याची पोई करतात, वरून कोंडा भुरभुरलेली, आतून पोकळ. आम्ही इकडे जे साधायला बघत होतो, ते गोव्यात सायकलवर भोंगा वाजवत दारात येतं.

आत्याला सूर मान्य होती. झाडाची म्हणून. तिला मान्य नव्हता तो पावच. “पायाने तुडवतात म्हणून पाव,” ही व्युत्पत्ती तिला तिच्या वडिलांनी दिलेली आणि तिच्यापुढे सगळे शब्दकोश फिके. विहिरीत पाव टाकला की पाणी पिणारं अख्खं गाव बाटलं, ही कोकणातली गोष्टही रेल्वेने कधीतरी गोंदियापर्यंत पोचलेली होती. माझ्या वडिलांनी शाळकरी वयात स्टेशनवर डबलरोटी खाल्ली तेव्हा त्यांना मागच्या दारी आंघोळ घालून पंचगव्य पाजलं होतं, हे तिने डोळ्यांनी पाहिलेलं. “आणि शेजारच्यांना कळू नये म्हणून तुझी आजी चार दिवस घाबरून होती,” ती म्हणाली.

या शेवटच्या वाक्याशी मी जरा थांबलो. कारण पावाचा महाराष्ट्रातला सगळा इतिहास तिने एका ओळीत सांगून टाकला होता. १८४९ साली मुंबईत परमहंस मंडळी निघाली, जातिभेद मोडायला. मंडळी गुप्त. सभासद होताना ख्रिस्ती माणसाने केलेला पाव खावा लागे आणि मुसलमानाच्या हातचं पाणी प्यावं लागे. दादोबा पांडुरंग तर्खडकर यातले प्रमुख. म्हणजे ज्यांनी १८३६ साली मराठीचं व्याकरण लिहिलं, तेच. आपल्याला ते विभक्तीमुळे माहीत. पण बंद दाराआड त्यांनी पावाचा घास घेतला तो मला व्याकरणापेक्षा अवघड वाटतो. अवघड म्हणजे गिळायला नव्हे, बाहेर सांगायला. १८६० च्या सुमाराला सभासदांची यादी चोरीला गेली, आणि मंडळी बसली ती बसलीच. पावाने कुणाचं काही बिघडलं नव्हतं. यादीने बिघडलं.

१८९० साली पुण्यात तेच. पंचहौद मिशनमध्ये टिळक, रानडे यांच्यासकट बरीच मोठी माणसं एका कार्यक्रमाला गेली. पुढ्यात चहा-बिस्किटं आली. आनंदीबाईंचे यजमान गोपाळराव जोशी यांनी हजर असलेल्यांची नावं ‘पुणे वैभव’मध्ये छापून आणली. शंकराचार्यांपर्यंत प्रकरण गेलं, चौकशी बसली, प्रायश्चित्तं झाली. रानड्यांनी ते १८९२ साली घेतलं आणि सुधारक मंडळी त्यांच्यावर रागावली. स्वराज्याचा आणि सामाजिक परिषदेचा विचार करणाऱ्या दोन डोक्यांचे कितीतरी दिवस एका कपबशीत गेले. चहा कुणी प्याला आणि कुणी नुसता खाली ठेवला, यावर वाद झाला. छापून आलं नसतं तर चहाही निवला असता आणि वादही.

आत्या हे सगळं ऐकून घेत होती. टिळकांचं नाव आल्यावर तिने टाळ बाजूला ठेवला. “टिळकांनी बिस्किट खाल्लं?” एवढंच विचारलं. मी म्हटलं, त्यावरच चौकशी बसली होती.

मधल्या काळात आमच्या भाजीवाल्या बाईंनाही पाककृती समजली. “बीअर कायले आणता भाऊ? मोहाची टाका ना.” सूचना इकडच्या मातीतली होती, पण शास्त्रात बसणारी नव्हती. मोहाची दारू ही गाळलेली; खमिराचे जीव मागे सडव्यातच राहतात, थेंबात येत नाहीत. बीअरच्या बाटलीचंही तसंच आहे. प्लिनीचा फेस जिवंत होता, गोव्याची सूर जिवंत असते. कारखान्यातली बीअर सहसा गाळून आणि तापवून निर्जीव केलेली. तापवण्याच्या या क्रियेला लुई पाश्चरचं नाव आहे. खमीर ही जिवंत वस्तू आहे हे त्यानेच जगाला पटवलं आणि तिला मारायचा उपायही त्याच्याच नावावर लागला. तेव्हा नुसत्या बाटलीने पाव फुगत नाही. यीस्ट वेगळं घालावंच लागतं. बीअर देते ती चव, आणि मऊपणाला थोडा हातभार.

कृती अशी. कणीक ४०० ग्रॅम. बीअर ३३० मिलिलिटरची एक बाटली, आदल्या रात्री भांड्यात ओतून ठेवलेली, म्हणजे तिचा ताठा उतरतो. कणीक तिच्यात कालवून पाऊण तास नुसती झाकून ठेवायची. सगळं मर्म या पाऊण तासात आहे. कोंडा भिजून नरम पडतो आणि सुरीची धार जाते. मग दोन चमचे कोमट पाण्यात चमचाभर यीस्ट, चमचाभर मीठ, लिंबाएवढा गूळ, दोन मोठे चमचे तेल. पोळीच्या कणकेपेक्षा पुष्कळ सैल, हाताला चिकटणारं राहू द्यायचं. वरून पीठ भुरभुरायचा मोह टाळायचा. पाव जड होतो तो तिथेच. दहा मिनिटं मळायचं, दीडपट होऊ द्यायचं, डब्यात घालून पुन्हा काठाच्या जरा वर येऊ द्यायचं. पुस्तकात वेळ दिलेली असते ती गोंदियासाठी नाही. मे महिन्यात आमच्याकडे पीठ पाऊण तासात उतू जातं. डिसेंबरात दोन तास वाट बघत बसतं. मग २०० अंशांवर पस्तीस ते चाळीस मिनिटं. बुडाला टिचकी मारली की पोकळ आवाज यावा. आणि गार होईपर्यंत सुरी लपवून ठेवावी, सुरीपेक्षा नातवंडं.

दारूचा अंश भट्टीत बहुतेक उडून जातो. खरं तर बीअर न घालताही खमीर पिठात थोडी दारू करतंच. जगातला प्रत्येक फुगलेला पाव भट्टीत जाईपर्यंत थोडा प्यालेला असतो. हे मी आत्याला पाव पुढ्यात ठेवण्याआधीच सांगितलं. लपवून खाऊ घालायचं नाही, हे माझं ठरलेलं होतं. पावाचं एवढं लपवाछपवीचं पुराण वाचल्यावर पुन्हा तेच कशाला?

तिने तुकडा हातात घेतला, दाबला. तो दबला आणि परत वर आला. दुधात बुडवला.

“पाय नाही ना लावलास?”

“नाही.”

“बाटली घेऊन येताना कुणी बघितलं?”

“चौकातल्या सगळ्यांनी.”

तिने तुकडा तोंडात घातला. बराच वेळ काही बोलली नाही. दात नसल्यामुळे वेळ लागतोच. मग म्हणाली, “शेजारी अर्धा नेऊन दे. आणि कशाचा आहे ते त्यांनी खाल्ल्यावर नको, आधी सांग.”