अंतरिम मनाई हुकूम : अपिलात दाद किती?

वर्धा : शेताचा धुरा, सामाईक विहिरीचे पाणी, वडिलोपार्जित घराची वाटणी अशा दाव्यांचा अंतिम निकाल लागण्यास वर्षे लोटतात. त्यामुळे पक्षकारांचे सारे लक्ष असते ते प्रारंभीच्या तात्पुरत्या मनाई हुकमाकडे. वहिवाट ज्याच्या हाती राहिली, पेरणी त्याची, हे आर्वी-हिंगणघाटच्या कास्तकाराला सांगावे लागत नाही.

दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ मधील आदेश ३९ अन्वये हा हुकूम देताना प्रथमदर्शनी बाजू, सोयी-गैरसोयीचा तोल आणि भरून न निघणारे नुकसान, या तीन कसोट्या लावल्या जातात. हुकूम मिळो वा नाकारला जावो, आदेश ४३ अन्वये ३० दिवसांत जिल्हा न्यायालयात अपील करता येते. मात्र तेथे पुराव्याची नव्याने फेरतपासणी होईल, ही अपेक्षा बहुधा फोल ठरते.

याचे मूळ १९९० च्या ‘वँडर लिमिटेड विरुद्ध अँटॉक्स इंडिया’ या निर्णयात आहे. एका औषधी गोळीच्या व्यापारचिन्हाचा तो वाद. मद्रास उच्च न्यायालयाच्या एकल न्यायमूर्तींनी नाकारलेला मनाई हुकूम खंडपीठाने दिला, तो सर्वोच्च न्यायालयाने रद्द केला. खालच्या न्यायालयाने स्वेच्छाधिकार मनमानीपणे, लहरीपणे वा प्रस्थापित तत्त्वे डावलून वापरला असेल, तरच हस्तक्षेप करावा. केवळ आपले मत वेगळे पडले असते म्हणून नव्हे, असे त्यात स्पष्ट करण्यात आले.

या अपिलानंतर दुसरे अपील नाही. जुलै २००२ पासून पुनरीक्षणाची वाटही अरुंद झाली. उरतो तो मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाकडे, राज्यघटनेच्या अनुच्छेद २२७ चा मार्ग, आणि तोही देखरेखीपुरताच.

फौजदारी प्रकरणांत तर निव्वळ अंतरिम आदेशाविरुद्ध पुनरीक्षणास कायद्यानेच बंदी आहे. तिला मुरड घातली ती ‘मधु लिमये विरुद्ध महाराष्ट्र राज्य’ या १९७७ च्या निर्णयाने. राज्याचे तत्कालीन कायदामंत्री अ. र. अंतुले यांच्यावरील आरोपांवरून भरलेला तो बदनामीचा खटला. खटल्याच्या मुळावरच घाव घालणारा आक्षेप फेटाळणारा आदेश निव्वळ अंतरिम नव्हे, असे सर्वोच्च न्यायालयाने ठरविले.

वकिलांची खरी कसोटी म्हणूनच पहिल्याच न्यायालयात लागते. सातबारा, मोजणीचा नकाशा, शेजाऱ्यांची प्रतिज्ञापत्रे अर्जासोबतच जोडलेली बरी. परिस्थिती पालटली, तर हुकूम देणाऱ्या न्यायालयाकडेच तो बदलण्याचा वा उठविण्याचा अर्ज करता येतो. अपिलापेक्षा ही वाट पुष्कळदा जवळची असते.