भिडू पाहिजे

गेल्या भाऊबीजेची दुपार. फराळाची ताटे उठली होती, मोठी माणसे वामकुक्षीला गेली होती आणि बाहेरच्या खोलीत माझा बारा वर्षांचा नातू टीव्हीला जोडलेल्या कन्सोलपुढे बसला होता. पडद्यावर एक चक्र फिरत होते व त्याखाली खेळाडूंचा शोध चालू असल्याची इंग्रजी अक्षरे होती. मी विचारले, “कोणाची वाट पाहतो आहेस रे?” मान न वळवता तो म्हणाला, “कोणाची नाही, आजोबा. येईल कोणीतरी.” आणि अर्ध्या मिनिटात खरोखरच सात जण आले. दहा मिनिटे डाव रंगला, संपला, आणि सातही जण जसे आले तसे नाहीसे झाले. त्यांतल्या एकाचे तरी गाव कोणते, असे मी विचारले तेव्हा नातवाने माझ्याकडे असे पाहिले, की जणू मी पावसाच्या थेंबाचे गोत्रच विचारले होते.

ते ‘येईल कोणीतरी’ माझ्या मनातून जाईना. आमच्या लहानपणी भिडू मिळवणे हा निम्मा खेळ होता. आधी दोन कप्तान ठरत. बाकीची मुले आपापल्या तोडीचा गडी पाहून जोड्या जमवीत, खांद्यावर हात टाकून थोडी दूर जात, कानाशी कुजबुजून गुप्त नावे घेत आणि कप्तानांपुढे येऊन विचारीत, “कोणाला हवा आंबा, कोणाला हवा फणस?” एकाने आंबा म्हटले की आंबा त्याचा आणि फणस दुसऱ्याचा. तोडीस तोड असलेले दोघे असे फुटले की दोन्ही बाजू आपोआप समान होत. एखादे अगदी लहान भावंड मागे लागलेले असले तर ते ‘कच्चे लिंबू’. ते खेळे, पण बाद झाले तरी बाद होत नसे. वीस मुलांचा निवाडा पाच मिनिटांत लागे आणि कोणी कागदावर आकडा मांडलेला नसे.

घरात बसून, डोळ्यांना न दिसणाऱ्या माणसांतून असा भिडू शोधायचा कसा? ह्या प्रश्नाला यंत्रे करणाऱ्यांनी गेल्या तीस-पस्तीस वर्षांत कोणकोणती उत्तरे दिली ते मी वर्षभर सवडीने वाचत होतो. हा इतिहास गडकोटांचा नव्हे. तरी त्यात तह आहेत, फंदफितुरी आहे आणि शेवटपर्यंत लढवलेला एक बुरूजही आहे.

पहिली पावले जपानात पडली, पण ती खेळाच्या वाटेवर नव्हती. १९८८ साली निन्टेन्डोने आपल्या फॅमिकॉम ह्या घरगुती कन्सोलसाठी टेलिफोनच्या तारेला जोडायचे मोडेम काढले. लोक त्यावर शेअरांचे भाव पाहत आणि पुढे घोड्यांच्या शर्यतींवर पैसेही लावीत. मुलांचे खेळणे मोठ्यांनी पळवले म्हणायचे! १९९० साली सेगा कंपनीने मेगा ड्राइव्हसाठी तशीच सोय केली, आणि बेसबॉल, माजाँग असे मोजके खेळ फोनवरून खेळता येऊ लागले. ते रोप काही धरले नाही.

खरी युक्ती निघाली ती अमेरिकेत, १९९४ साली. कॅटापल्ट एन्टरटेन्मेन्ट ह्या कंपनीने एक्सबँड नावाचे मोडेम विकायला आणले. खेळाची जी कॅसेट कन्सोलात खोचायची ती ह्या मोडेमात खोचायची आणि मोडेम कन्सोलात. ‘मॉर्टल कॉम्बॅट’, ‘एनबीए जॅम’ हे खेळ लिहिणाऱ्यांनी ते एकाच सतरंजीवर बसलेल्या दोघांसाठी लिहिले होते. त्यांत टेलिफोनचे नावही नव्हते. मोडेमने खेळालाच फसवले. दुसरा खेळाडू इथेच शेजारी बसला आहे, अशी त्याची समजूत करून दिली. दोन्ही घरी तोच खेळ एकाच तालावर चाले आणि तारेवरून कोणी कोणते बटण दाबले एवढीच वार्ता जाई. वेग सेकंदाला २,४०० बिट. आजच्या हिशेबाने बैलगाडीच, पण बटणांची वार्ता वाहायला बैलगाडी पुरली.

भिडू मिळवण्याची रीत तर मला फारच आवडली. आपल्याला कोणता खेळ हवा ते सांगितले की यंत्र कंपनीच्या संगणकाला फोन करी. त्याच खेळासाठी कोणी थांबलेला असला तर त्याच्या घरचा नंबर यंत्राला मिळे. मग मोडेम तो फोन ठेवून सरळ त्या घरी फोन लावी. कोणी नसले तर आपण दुसऱ्याच्या फोनची वाट पाहत बसायचे. संगणकाचे काम एवढेच, की स्थळ सुचवायचे आणि बाजूला व्हायचे. ह्या साऱ्या व्यवहाराला ‘मॅचमेकिंग’ असे नाव पडले आणि तो शब्द मुळात लग्नाच्या मांडवातलाच आहे; आपल्याकडे त्याला वधूवरसूचक मंडळ म्हणतात. गावातला फोन स्वस्त आणि परगावचा महाग, त्यामुळे शक्यतो पंचक्रोशीतलेच स्थळ पाहिले जाई. मध्येच घरातल्या कोणी फोन उचलला की लग्न मोडले! १९९७ च्या एप्रिलअखेर हे मंडळ बंद झाले.

पुढचा पराक्रम पुन्हा सेगाचा. १९९८ च्या नोव्हेंबरात तिने जपानात ड्रीमकास्ट आणला. त्याच्या अंगातच मोडेम होते. कंपनीचे अध्यक्ष इसाओ ओकावा ह्यांना घरोघरचे खेळ तारेने जोडण्याचा ध्यास लागला होता. त्यांच्या आग्रहातून युजी नाका ह्यांच्या सोनिक टीमने ‘फँटसी स्टार ऑनलाइन’ हा खेळ रचला आणि तो २१ डिसेंबर २००० रोजी जपानात बाहेर पडला. त्यात भिडू कोणी नेमून देत नसे. खेळाडू आधी एक ‘जहाज’ निवडी, म्हणजे आपण आज ज्याला सर्व्हर म्हणतो ते. मग त्यातला एक विभाग. आणि मग एका दालनात येऊन उभा राही. तिथे आणखी काही जण आपापल्या सोंगात उभे असत. कोणी गप्पा मारी, कोणी उगाच इकडून तिकडे धावे. त्यांतून जमेल तशी चौघांपर्यंतची टोळी करून मोहिमेवर निघायचे. परके नको असतील तर परवलीचा शब्द लावून दार लोटून घ्यायचे. देवळाच्या ओवरीवर किंवा गावच्या पारावर माणूस जसा काही कारण नसताना टेकतो, तसे ते दालन होते.

आणि ह्या पारावर भाषेची अडचण नव्हती. ठरलेल्या शब्दांच्या यादीतून निवडून वाक्य जुळवले की ते जपानी, इंग्रजी, फ्रेंच, जर्मन आणि स्पॅनिश ह्या पाच भाषांत ज्याचे त्याला वाचता येई. ओसाकातल्या मुलाने मदत मागितली तर ती हॅम्बुर्गमधल्या मुलीपुढे जर्मनमध्ये उमटे. जपानात रात्री ११ ते सकाळी ८ ह्या वेळात ठरावीक मासिक रकमेत हवा तितका फोन लावता येण्याची योजना १९९५ पासून होती, म्हणून ११ वाजले की ह्या खेळांत गर्दी लोटे. आपल्याकडे रात्री उशिरा एसटीडीचा दर पाव होई आणि बूथपुढे पेंगुळलेल्या माणसांची रांग लागे, त्याची मला आठवण झाली. माणसे बोलायला आसुसलेली असली की झोपेची किंमत हसत देतात.

दैवाचा खेळ असा, की हा खेळ अमेरिकेत जानेवारी २००१ च्या अखेरीस आला आणि ३१ जानेवारीला सेगाने ड्रीमकास्टचे उत्पादन थांबवण्याची घोषणा केली. ओकावांनी आपल्या मालकीचे अब्जावधी येनचे शेअर बुडत्या कंपनीला देऊन टाकले आणि १६ मार्च २००१ रोजी ते वारले. दुकान चालले नाही. पण त्यांनी बांधलेला पार पुढे चाहत्यांनी स्वतःचे सर्व्हर उभारून राखला.

१५ नोव्हेंबर २००२ रोजी मायक्रोसॉफ्टने एक्सबॉक्स लाइव्ह सुरू केले तेव्हा टेलिफोनच्या मोडेमला दारच नव्हते. ब्रॉडबँड असेल त्यानेच यावे. ह्याबद्दल बरीच टीका झाली. तथापि त्यांनी एक शहाणपण केले. सोनीच्या प्लेस्टेशन २ वर तेव्हा प्रत्येक खेळाचा दरवाजा वेगळा होता. इथे खेळाडूला एकच नाव, ते सर्व खेळांत चालणार. मित्रांची यादी एकच. आणि कानाला लावून बोलायचे यंत्रही सोबत. मित्र दुसऱ्याच खेळात असला तरी त्याला हाक मारता येई.

मग ९ नोव्हेंबर २००४ रोजी बंजी ह्या मंडळीचा ‘हेलो २’ आला आणि पार उठला. तोवर चालू डावांची यादी पडद्यावर येई व त्यातून एक निवडायचा. ‘हेलो २’ मध्ये यादीच नाही. आपली मित्रमंडळी गोळा करावी, कोणत्या जातीचा डाव हवा ते सांगावे. प्रतिपक्ष यंत्र शोधून आणील, तोही आपल्याच तोडीचा. डाव संपला तरी मंडळी एकत्रच राहतात आणि पुढच्या डावाला निघतात.

ही तोड यंत्राने कशी ओळखावी? त्याचे मूळ बुद्धिबळात आहे. हंगेरीत जन्मलेले आणि अमेरिकेत मिलवॉकी येथे भौतिकशास्त्र शिकवणारे आर्पाद एलो ह्यांनी खेळाडूंना गुण देण्याची रीत बसवली. अमेरिकेच्या बुद्धिबळ संघटनेने ती १९६० साली आणि जागतिक संघटनेने १९७० साली स्वीकारली. दोघांत २०० गुणांचे अंतर असेल तर वरच्याने चार डावांत साधारण तीन गुण मिळवावेत. तसे न झाले तर दोघांचे गुण हलवायचे. पण बुद्धिबळात दोघेच असतात, इथे आठ-आठांच्या झुंडी. म्हणून इंग्लंडमधील केंब्रिज येथे मायक्रोसॉफ्टच्या संशोधकांनी ‘ट्रूस्किल’ नावाची पद्धत काढली आणि २००५ साली आलेल्या एक्सबॉक्स ३६० वर ती चालू झाली. तिची गंमत अशी, की ती प्रत्येकासाठी दोन आकडे ठेवते: ह्याचे कौशल्य किती, आणि आपल्या ह्या अंदाजाबद्दल आपल्याला शंका किती. नवख्याविषयी शंका मोठी, म्हणून त्याचा आकडा भराभर हलतो. आमच्या वाड्यात नवीन बिऱ्हाड आले की त्या मुलाला चार दिवस ह्या बाजूने, चार दिवस त्या बाजूने घेऊन पाहत, ते हेच गणित!

हे सगळे मान्य करूनही मला रुखरुख वाटते. पारावर माणूस आधी भेटे, खेळ मागाहून. आता खेळ आधी मिळतो आणि माणूस भेटतोच असे नाही. निन्टेन्डोने मात्र मुद्दाम उलट टोक गाठले. नोव्हेंबर २००५ मध्ये ‘मारिओ कार्ट डीएस’बरोबर सुरू झालेल्या तिच्या सेवेत मित्र जोडायचा तर बारा आकडी संकेतांक हवा, तो त्याने आपल्याला आणि आपण त्याला, खेळाच्या बाहेर, चिठ्ठीने म्हणा की तोंडाने म्हणा, द्यायचा. लोकांनी त्याची थट्टा केली. मुलांच्या आईबापांना ती खटपट सोयीची वाटली असल्यास मला नवल वाटणार नाही.

आता यंत्र भिडू शक्यतो जवळपासचाच पाहते, त्याला कारण आहे. मुंबईहून सॅन फ्रान्सिस्को साडेतेरा हजार किलोमीटर. काचेच्या तंतूतून प्रकाश सेकंदाला सुमारे दोन लाख किलोमीटर जातो. म्हणजे सरळ तार ओढली तरी जाऊन यायला सेकंदाचे १३५ सहस्रांश लागणार. पडद्यावर सेकंदाला साठ चित्रे उमटत असतील तर तेवढ्यात आठ चित्रे सरतात. आपण पाहतो तो शत्रू तिथून केव्हाच हललेला असतो. पैसा ओतून तार जाड करता येते, प्रकाशाला घाई करता येत नाही. २०१५ च्या सप्टेंबरात मायक्रोसॉफ्टने पुणे, मुंबई आणि चेन्नई येथे आपली विदाकेंद्रे सुरू केली, तशा गोष्टींनी हे अंतर इकडे कमी होत गेले.

अंतर तुटले तरी पंक्तिभेद उरला होता. एका कंपनीच्या कन्सोलवरच्या मुलाने दुसरीच्या कन्सोलवरच्या मुलाबरोबर खेळायचे नाही, असा कित्येक वर्षे शिरस्ता होता. खेळ तोच, गल्ली तीच, पण पंगत वेगळी. तांत्रिक अडचण फार नव्हती. गिऱ्हाईक दुसऱ्याच्या दुकानात जाईल ही भीती. अखेर २६ सप्टेंबर २०१८ रोजी सोनीने ‘फोर्टनाइट’पुरते दार उघडले आणि मग हळूहळू इतर खेळांनाही.

राहिला तो बुरूज. जुन्या एक्सबॉक्सची ऑनलाइन सेवा १५ एप्रिल २०१० रोजी बंद झाली. नव्याने आत येणे अशक्य झाले. पण जे त्या क्षणी ‘हेलो २’ मध्ये होते त्यांना कोणी बाहेर काढले नाही, कारण डाव खेळाडूंच्याच कन्सोलांवर चालत. काही जणांनी ठरवले, यंत्र बंदच करायचे नाही. रात्रंदिवस ते चालू ठेवून ती मंडळी खेळत राहिली. एकेकाची जोडणी तुटे, एकेकाचे यंत्र तापून बंद पडे, आणि गेलेला परत येऊ शकत नसे. भिडू कमी कमी होत गेले. शेवटचा जो उरला तो मे महिन्याच्या दुसऱ्या आठवड्यात बाहेर पडला. शेवटी शेवटी त्याला खेळायला कोणी उरले नव्हते. तरी त्याने यंत्र बंद केले नव्हते.

हे सर्व मी ह्या वर्षी नातवाला सांगितले. हेलोची गोष्ट त्याला पटली, एलोचे गणित कळले, पण आंबा आणि फणस ह्यांनी तो खरा खूश झाला. त्याने विचारले, “तुमच्या जोडीला कोण असायचा?” शेजारच्या वाड्यातला एक मुलगा असे. धावायला माझ्याइतकाच, दम माझ्याइतकाच. त्यामुळे दुसऱ्या कोणाशी जोडी जमवायचा प्रश्नच नव्हता. सात-आठ वर्षे रोज संध्याकाळी आम्ही एकमेकांच्या खांद्यावर हात टाकून कप्तानांपुढे गेलो, आणि एकदाही एका बाजूने खेळलो नाही.