गजानन जागीरदार

गजानन जागीरदार (जन्म : २ एप्रिल १९०७, अमरावती, मृत्यू : १३ ऑगस्ट १९८८) हे मराठी व हिंदी चित्रपटांतील अभिनेते आणि दिग्दर्शक होते. प्रभात फिल्म कंपनीच्या 'शेजारी' आणि 'रामशास्त्री' या चित्रपटांतील भूमिकांसाठी ते विशेष ओळखले जातात. पुण्यातील फिल्म इन्स्टिट्यूटचे ते पहिले प्राचार्य होते.

== सुरुवातीची कारकीर्द ==
जागीरदारांची चित्रपटसृष्टीतील सुरुवात प्रभात फिल्म कंपनीत झाली. १९२९ साली कोल्हापुरात स्थापन झालेली ही कंपनी १९३३ मध्ये पुण्यास आली. 'सिंहासन' (१९३४) या चित्रपटापासून जागीरदार दिग्दर्शनाकडे वळले. पुढे 'होनहार' (१९३६), 'बेगुनाह' (१९३७) आणि मिनर्व्हा मूव्हीटोनचा 'मैं हारी' (१९४०) हे हिंदी चित्रपट त्यांनी दिग्दर्शित केले. आचार्य अत्रे यांच्या अत्रे पिक्चर्ससाठी त्यांनी 'पायाची दासी' (१९४१) आणि 'वसंतसेना' (१९४२) यांचे दिग्दर्शन केले.

== शेजारी ==
व्ही. शांताराम दिग्दर्शित 'शेजारी' (१९४१) आणि त्याची हिंदी आवृत्ती 'पडोसी' या दोन्हींत जागीरदारांनी वृद्ध मुसलमान शेजारी मिर्झा याची भूमिका केली. त्या वेळी त्यांचे वय अवघे चौतीस वर्षांच्या आसपास होते. हिंदू शेजाऱ्याची भूमिका मराठीत केशवराव दाते यांनी, तर हिंदीत मझहर खान यांनी केली. त्यामुळे 'पडोसी'मध्ये हिंदू नट मुसलमानाच्या आणि मुसलमान नट हिंदूच्या भूमिकेत दिसला. धरण बांधू पाहणाऱ्या भांडवलदाराच्या कारस्थानामुळे दोन जिवलग मित्रांत वितुष्ट येते आणि अखेर धरण फुटताना दोघांचाही एकत्र अंत होतो, असे या चित्रपटाचे कथानक आहे. मुस्लिम लीगने १९४० मध्ये लाहोर ठराव संमत केल्यानंतर देशातील वातावरण तापलेले असताना हा चित्रपट प्रदर्शित झाला. शांताराम यांचा प्रभातसाठीचा हा शेवटचा चित्रपट ठरला.

== रामशास्त्री ==
'रामशास्त्री' (१९४४) हा पेशवाईतील न्यायाधीश रामशास्त्री प्रभुणे यांच्या जीवनावरील चित्रपट मराठी व हिंदी या दोन्ही भाषांत निघाला. त्याच्या निर्मितीत दिग्दर्शक म्हणून राजा नेने आणि विश्राम बेडेकर यांचाही सहभाग होता. पडद्यावर दिग्दर्शनाचे श्रेय जागीरदारांना मिळाले. प्रौढ रामशास्त्रींची भूमिकाही त्यांनीच केली. बालपणीचे रामशास्त्री अनंत मराठे यांनी, तर आनंदीबाई ललिता पवार यांनी साकारल्या.

पुण्यात, आजच्या मंडईपासून जवळच असलेल्या शनिवारवाड्यात ३० ऑगस्ट १७७३ रोजी नारायणराव पेशव्यांचा खून झाला. या प्रकरणी रघुनाथरावांना दोषी ठरवून देहान्त प्रायश्चित्त सांगणारे रामशास्त्री हे मराठी जनमानसात निःस्पृह न्यायाचे प्रतीक मानले जातात. सत्ताधीशालाही कायद्यापुढे उभे करणारा न्यायाधीश हा चित्रपटाचा गाभा आहे.

== फिल्म इन्स्टिट्यूट ==
प्रभात फिल्म कंपनी १९५३ मध्ये बंद पडली. तिच्या पुण्यातील स्टुडिओच्या जागेत केंद्र सरकारने १९६० साली फिल्म इन्स्टिट्यूट सुरू केली आणि १९६१ मध्ये जागीरदार तिचे प्राचार्य झाले. ज्या आवारात ते नट आणि दिग्दर्शक म्हणून वावरले, तेथेच नव्या पिढीच्या शिक्षणाची जबाबदारी त्यांच्याकडे आली. १९६२ मध्ये जगत मुरारी यांनी त्यांच्याकडून हे पद स्वीकारले.

== उत्तरार्ध ==
याच सुमारास त्यांनी जयश्री गडकर यांची प्रमुख भूमिका असलेला 'वैजयंता' (१९६१) हा मराठी चित्रपट दिग्दर्शित केला. 'हम दोनो' (१९६१), 'गाईड' (१९६५) आणि 'उमराव जान' (१९८१) या हिंदी चित्रपटांत त्यांनी चरित्र भूमिका केल्या. 'उमराव जान'मध्ये ते मौलवींच्या भूमिकेत होते.

१९८० च्या दशकात रणजित देसाई यांच्या 'स्वामी' या कादंबरीवरील दूरदर्शन मालिकेचे दिग्दर्शन त्यांनी केले. रवींद्र मंकणी त्यात थोरल्या माधवरावांच्या, तर मृणाल देव रमाबाईंच्या भूमिकेत होत्या. रामशास्त्री हे माधवरावांच्याच दरबारातील न्यायाधीश असल्याने, चार दशकांनंतर जागीरदार पुन्हा त्याच कालखंडाकडे वळले होते.

== लेखन ==
* पाऊलखुणा (आत्मचरित्र)
* अभिनय कसा करावा