प्रभात आणि गोदाकाठचे संत

जांबेसारख्या गावी इतिहासावर बोलावयाचे म्हटले की श्रोत्यांची अपेक्षा ठरलेली असते. शके १५३०, चैत्र शुद्ध नवमी, सूर्याजीपंत ठोसरांच्या घरी नारायणाचा जन्म. येथून आरंभ व्हावयाचा. आम्ही मात्र आज एका चित्रपटसंस्थेची हकीकत सांगणार आहोत. संतभूमीत सिनेमाचे काय काम, असे कोणी मनात म्हणेलही. त्याचे उत्तर शेवटी आपोआप मिळेल.

१ जून १९२९ रोजी कोल्हापुरात प्रभात फिल्म कंपनी स्थापन झाली. विष्णुपंत दामले, शेख फत्तेलाल, व्ही. शांताराम आणि केशवराव धायबर हे चौघे बाबूराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत तयार झालेले; पाचवे सीतारामपंत कुलकर्णी भांडवल घालणारे. तुतारी फुंकणारी स्त्री हे त्यांचे बोधचिन्ह. १९३२ साली ‘अयोध्येचा राजा’ हा बोलपट त्यांनी काढला आणि १९३३ साली सारा संसार पुण्यास हलविला. अमेरिकेतील मोठ्या चित्रसंस्थांप्रमाणे येथेही नट, लेखक, सुतार, रंगारी सर्वजण एकाच आवारात पगारावर काम करीत. फरक इतकाच की, तेथे मालक व्यापारी होते. येथे मालकच पडदे रंगवीत आणि कॅमेरा दुरुस्त करीत.

या संस्थेने गोदाकाठाला पडद्यावर आणले. १९३५ च्या ‘धर्मात्मा’मध्ये पैठणचे एकनाथ होते आणि ती भूमिका बालगंधर्वांनी केली. अस्पृश्यांच्या घरी जेवणाऱ्या नाथांची ही कथा. चित्राचे मूळ नाव ‘महात्मा’. सरकारी परीक्षकांस त्यात गांधीजी दिसले आणि नाव बदलावे लागले. हा अनुभव प्रभातला नवा नव्हता. १९३० साली शिवचरित्रावरील ‘स्वराज्याचे तोरण’ या मूकपटाचेही असेच ‘उदयकाल’ करावे लागले होते. संतांची आणि शिवरायांची नुसती नावे परकीय सत्तेला बोचत होती. जुन्या कथेत लोक आपला वर्तमानकाळ वाचतात, हे परीक्षकांनी बरोबर ओळखले होते.

पुढे १९४० साली ‘संत ज्ञानेश्वर’ आला. शाहू मोडकांचे ज्ञानदेव आणि वेद बोलणारा रेडा घराघरांत ठाऊक झाला. १९४९ साली गंगाखेडची जनाबाई आली. त्या वेळी मराठवाडा निजामाच्या सत्तेतून सुटून अवघे वर्ष झाले होते.

परंतु सर्वांत मोठा मान मिळाला तो १९३६ च्या ‘संत तुकाराम’ला. दामले-फत्तेलालांचे दिग्दर्शन, विष्णुपंत पागनिसांचे तुकोबा आणि गौरीबाईंची आवली. १९३७ साली व्हेनिसच्या महोत्सवात या चित्राचा गौरव झाला. वारकऱ्यांचे पंढरपूर डोळ्यांपुढे उभे करणाऱ्या जोडीपैकी एक मुसलमान होता, ही गोष्ट आम्ही मुद्दाम सांगतो. त्या काळी तिचे कोणाला नवल वाटले नाही.

येथे एक सावधगिरीची सूचना. या चित्रातील एक गीत शांताराम आठवल्यांनी लिहिले. ते इतके साधले की पुष्कळ लोक त्याला तुकोबांचाच अभंग मानू लागले. कवीला यापेक्षा मोठी पावती कोणती? पण इतिहासाच्या अभ्यासकाला तेथेच जागे राहावे लागते. चित्रपट संताला जिवंत करतो आणि त्याच वेळी त्याच्या जागी स्वतः बसतो. आज तुकोबा आठवले की आम्हांस पागनिसांचा चेहरा दिसतो. आपणांसही तोच दिसत असेल.

मग जांबेच्या समर्थांचे काय? प्रभातच्या संतमालिकेत ते नाहीत. आम्हांस वाटते, पडद्याला घर लागते, भांडणारी आवली लागते, नाथांचा वाडा लागतो. विवाहमंडपातून निघून गेलेल्या, डोंगरदऱ्यांत हिंडणाऱ्या पुरुषाला चौकटीत बसविणे अवघड. यात तोटा झाला खरा. पण एक लाभही आहे. समर्थांना उसना चेहरा मिळाला नाही. त्यांना भेटावयाचे तर दासबोधच उघडावा लागतो.

प्रभातचा पुढचा इतिहास विरहाचा आहे. १९४२ साली शांताराम बाहेर पडले, १९४५ साली दामले वारले, आणि पुढल्या दशकात कंपनी मिटली. त्या आवारात १९६० साली सरकारची चित्रपटसंस्था उभी राहिली. २००३ साली पुण्यात जुन्या नायट्रेट फितींच्या कोठाराला आग लागली आणि प्रभातच्या मूळ फितीही त्यात गेल्या. चित्रे प्रतींच्या रूपाने उरली. मूळ ते गेलेच.

मूळ वस्तू जाणे म्हणजे काय, हे जांबेस सांगावयास नको. २०२२ च्या ऑगस्टात येथील राममंदिरातील मूर्ती चोरीस गेल्या, तेव्हा गावाने काय भोगले ते आपण जाणता. तपास होऊन मूर्ती सापडल्या. हे भाग्य फितींच्या वाट्यास आले नाही. म्हणून आमचे एवढेच मागणे आहे. आपल्या घरी जुनी पोथी असेल, बाड असेल, कीर्तनाची ध्वनिफीत असेल, उत्सवाचे छायाचित्र असेल, तर त्यावर नाव आणि साल लिहून ठेवा व एक प्रत दुसऱ्या गावी ठेवा. कोल्हापूरच्या चार कारागिरांनी आपल्या संतांसाठी इतके केले. आपल्याला निदान एवढे करता येईल.